घेणाऱ्याची सही

“टेप दोनदाच लागेल. ऐकायचं आणि तक्रारीचा फॉर्म भरायचा,” बाई म्हणाल्या.

“मॅडम, आमच्याकडे आरोपीलासुद्धा तीनदा विचारतात!” मागून कुणीतरी म्हणालं. पोलिसांचा वर्ग हसला. पहिल्या बाकावरचे मोठे साहेबही हसले. परदेशातल्या नेमणुकीसाठी त्यांना हे इंग्रजीचं प्रमाणपत्र हवं होतं.

बाईंनी त्यांना पहिल्याच दिवशी ओळखलं होतं. त्यांनी बाईंना नाही. तीन आठवडे बाईंनी ताकास तूर लागू दिली नव्हती. उलट साहेबांना जादा वेळ दिला, उच्चार घासूनपुसून घेतले. कान तयार व्हायला हवा होता. नाहीतर टेप वाया गेली असती.

टेपवर बाईंचाच आवाज होता. इंग्रजीत एक बाई ठाण्यात तक्रार सांगत होती. वडील हरवलेत. वय बहात्तर. तपकिरी स्वेटर. उजव्या चपलेचा अंगठा तारेने बांधलेला. स्वतःचं नाव विसरतात, पण हाक मारली की थांबतात.

साहेबांचं पेन भराभर चाललं होतं.

‘मी कालही आले होते. साहेब टेबलाशी नखं कापत होते. म्हणाले, भूक लागली की येईल म्हातारा. माझा अर्ज त्यांनी हातातही घेतला नाही.’

पेन थांबलं. साहेबांनी वर पाहिलं. अकरा वर्षांत बाईंचे केस पांढरे झाले होते. आवाज तोच होता.

टेप दुसऱ्यांदा लागली. या वेळी त्यांनी मान वर केली नाही.

“मॅडम, दहावा प्रश्न... अर्ज का घेतला नाही? याचं उत्तर टेपमध्ये नाही.”

“नाहीच आहे. ते तुम्हालाच ठाऊक.”

मग साहेब हलकेच म्हणाले, “वडील सापडले का?”

“इंग्रजीत विचारा. उभं राहून. बोलण्याचे गुण त्यालाच आहेत.”

साहेब उभे राहिले. सगळ्या वर्गासमोर, एकही चूक न करता त्यांनी विचारलं.

“तिसऱ्या दिवशी,” बाई म्हणाल्या. “कालव्यात. खाली सही करा, तक्रार घेणाऱ्याची.”

तास संपल्यावर ते रेंगाळले. “तो कागद परत मिळेल का, मॅडम?”

“नाही. दाखल झाला.”

दहावा रकाना कोरा होता. बाईंनी फॉर्मचे नऊ गुण दिले; कमी नाही, जास्त नाही.

घरी येऊन त्यांनी कपाटातला जुना अर्ज काढला. वडिलांचा फोटो त्यावर अजून चिकटलेला होता. नवा कागद त्याला टाचला. माहिती शब्दन्‌शब्द बरोबर होती. खाली साहेबांची सही, हुद्द्यासकट.

तारीख आजची होती.