नकली ताई

क्लचबाईंनी ज्यांना ज्यांना गाडी शिकवली त्यांना एका रांगेत उभं केलं, तर शहराचा मोठा रस्ता बंद पडेल. आणि बाई एकदा ‘ब्रेऽऽक!’ म्हणून ओरडल्या, तर ती अख्खी रांग दोन पावलं मागं सरकेल. त्यांच्या ओरडण्यानं परक्या गाड्यासुद्धा थांबायच्या. कोपऱ्यावरचा न्हावी हातातला वस्तरा वर उचलून खांबासारखा उभा राहायचा, आणि खुर्चीतलं गिऱ्हाईक मनातल्या मनात बाईंचे आभार मानायचं. सगळ्या गावानं डोळे मिटून ओळखावी अशी ही बाई. आणि तिला घरच्याच माणसानं ओळखू नये?

पण झालं तसंच.

बाईंच्या पित्ताशयात खडे झाले. त्या दवाखान्यात दाखल झाल्या, खडे काढून घेतले. रोज संध्याकाळी तिथून धाकट्या भावाला फोन करायच्या, “मी मजेत आहे रे. जेवलास का?” घरात ही दोघंच. आईमागं बाईंनीच त्याला वाढवलेलं. आता तो चांगला पस्तिशीचा बाप्या, नकाशांच्या कचेरीत नद्या नि रस्ते आखणारा, पण जेवलास का हा प्रश्न काही सुटला नव्हता.

बाई घरी आल्या. भावानं दार उघडलं. त्यांना आपादमस्तक न्याहाळलं आणि मोठ्या अदबीनं म्हणाला, “ताईंकडे काम होतं का? त्या दवाखान्यात आहेत.”

“अरे गाढवा, मीच ती!”

“आवाज छान जमलाय तुमचा,” तो म्हणाला, आणि दार लावून घेतलं.

तिथून जे सुरू झालं ते थांबेना. बाईंनी कपाळावरची जुन्या टाक्याची खूण दाखवली. तो म्हणाला, खूण करता येते. बाईंनी लहानपणीचे फोटो काढले. तो म्हणाला, फोटो त्यांचे आहेत, तुम्ही कुठं मिळवलेत? दोघांमध्येच ठाऊक असलेल्या गोष्टी सांगितल्या, तर त्याचा चेहराच उतरला. “म्हणजे तिच्याकडून सगळं काढून घेतलंत तुम्ही. तिला फार त्रास दिलात का?”

तो पोलिसांत गेला. तिथल्या अंमलदारानं दोघांना समोर बसवलं. “बाई, तुम्ही खऱ्याच असाल हो. पण कागद दाखवा.” बाईंनी पिशवीभर कागद मांडले. भाऊ म्हणाला, “बघा साहेब! खऱ्या माणसाला कुणी एवढे कागद घेऊन हिंडताना पाहिलंय का?” अंमलदार विचारात पडला. म्हणतात, तो अजून त्याच विचारात आहे, आणि घरी गेला की बायकोकडे जरा निरखून बघतो.

मग बाईंनी त्याला मनाच्या आजारांच्या मोठ्या डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी गोळ्या दिल्या. गोळ्यांनी काम केलं, नाही असं नाही. त्याला झोप लागू लागली, बाईंच्या हातचं ताट तो पुढ्यात घेऊ लागला. पण बाई काही खऱ्या झाल्या नाहीत. संधी मिळाली की तो दवाखाना गाठायचा आणि वॉर्डावॉर्डातून विचारत फिरायचा, “माझी ताई इथंच राहिलीय. कुणी पाहिली का?” एकदा तो शस्त्रक्रियेच्या खोलीत शिरला. तेव्हा मोठे डॉक्टर बाईंना बाजूला घेऊन म्हणाले, “पुन्हा असं झालं तर त्याला लांबच्या, वेड्यांच्या बंद दवाखान्यात ठेवावं लागेल. तिथून माणसं लवकर परत येत नाहीत.”

त्या दिवशी बाईंनी आयुष्यात पहिल्यांदा गाडी शिकवताना आवाज काढला नाही. शिकाऊ माणूस इतका घाबरला की गाडी उत्तम चालवली.

मग कुणीतरी डॉक्टरीणबाईंचं नाव काढलं. सायकल दुरुस्तीच्या दुकानावर त्यांची खोली होती. खोलीत दोन-तीन खुर्च्या, एक खिडकी, बाकी काही नाही. मनानं बिनसलेल्या माणसांशी बोलायचं, म्हणजे खरं तर त्यांचं ऐकायचं, हाच त्यांचा धंदा. त्या इतक्या गप्प बसायच्या की दुकानदाराला वाटलं वर कुणी राहतच नाही, आणि त्यानं ती खोली दुसऱ्याला भाड्यानं देऊन टाकली. नवा भाडेकरू गादी नि स्टोव्ह घेऊन आत शिरला, समोर डॉक्टरीणबाई बसलेल्या दिसल्या म्हणून टेकला. दोन तासांनी बाहेर आला तो आपल्या बापासाठी धाय मोकलून रडत. स्टोव्ह तिथंच राहिला.

क्लचबाईंनी त्यांच्यापुढं सगळी कैफियत मांडली. “आता सांगा, आणखी कसला पुरावा देऊ?”

“देऊ नका.”

“म्हणजे?”

“तो दाराला आतून पाठ लावून बसलाय. तुम्ही बाहेरून धक्के मारताय. जोर वाढवाल तसतशी त्याचीच पाठ सोलवटेल.”

“मग काय मी नकली म्हणून राहू माझ्याच घरात?”

“जमेल?” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “एवढी मोठी नकली बाई त्यानं घडवलीय, तर उगाच नाही घडवली. कशासाठी, ते त्यालाच विचारत बसावं लागेल.”

भाऊ खोलीत येऊ लागला. क्लचबाई खाली दुकानात, जुन्या टायरांच्या थप्पीवर बसून राहायच्या. वर काय चालतं ते कळायचं नाही. महिने गेले. घरी बाईंनी पुरावे देणं सोडलं आणि एका दुपारी, सहज म्हणून, विचारलं, “तुमची ती खरी ताई होती कशी हो?”

भावाचा चेहरा उजळला. “ती? ती कधी ओरडायची नाही. कधी दमायची नाही. मी कितीही चुकलो तरी हसायची. तिला भूकच लागायची नाही, मला वाढून झाल्यावर ती नुसती बघायची.”

बाई ऐकत राहिल्या. अशी बाई त्या कधीच नव्हत्या. त्या ओरडायच्या, दमायच्या, आणि भाऊ जेवायच्या आधी स्वयंपाकघरात उभ्यानं चार घास तोंडात टाकायच्या. त्यांना त्या खऱ्या ताईचा, म्हणजे स्वतःचाच, मत्सर वाटला. “आणि मी?” त्यांनी विचारलं.

“तुम्ही? तुमचा मला रागच येतो,” तो शांतपणे म्हणाला. “तिचा कधी आला नाही. कसा येईल? तिनं माझ्यासाठी सगळं सोडलं.”

बाई ताट उचलायला उठल्या आणि ओट्याला धरून उभ्या राहिल्या. या घरात इतकी वर्षं एवढा राग राहत होता, आणि त्यांना त्याची चाहूलही लागली नव्हती.

एके दिवशी जिन्यावरून डॉक्टरीणबाईंनीच हाक मारली. भावानं सांगितलं होतं, त्या बाईंना वर बोलवा, त्यांना एक विचारायचंय.

क्लचबाई समोर बसल्या. भावानं त्यांच्याकडे न बघता विचारलं, “तुम्ही दुसऱ्याचा आवाज काढता का? फोनवर?”

बाईंना एक जुनी संध्याकाळ आठवली.

आई गेली तेव्हा भाऊ सहा वर्षांचा होता. त्याला मावशीकडे ठेवलेलं. बाई नुकत्याच शाळेतून बाहेर पडलेल्या. आई मोठ्या दवाखान्यात होती तोवर रोज संध्याकाळी त्याच्याशी फोनवर बोलायची. ती गेली, त्या संध्याकाळीही मावशीच्या घरी फोन वाजायलाच हवा होता. बाईंनी फोनवर रुमाल धरला आणि आईच्या आवाजात म्हणाल्या, मी मजेत आहे बाळ, जेवलास का? मग दुसऱ्या दिवशी पुन्हा. मग कितीतरी आठवडे. ही गोष्ट त्यांनी कुणाला सांगितली नव्हती. पुढं पुढं स्वतःलाही सांगायचं सोडून दिलं होतं.

नाही म्हणावं, असं जिभेवर आलं. हो म्हटलं की संपलंच, स्वतःच्या तोंडानं नकलीपणाची कबुली. मग याला त्या बंद दवाखान्यात जाण्यापासून कोण वाचवणार? त्यांनी डॉक्टरीणबाईंकडे पाहिलं.

“हो,” क्लचबाई म्हणाल्या. “काढला होता. आईचा.”

खालच्या दुकानात हवा भरायचा पंप चालू होता, तो म्हणे त्या शब्दासरशी आपोआप थांबला.

“वाईट काढला होता,” भाऊ म्हणाला. “आई मला कधी बाळ म्हणाली नाही. माकडा म्हणायची.”

“म्हणजे... तुला कळलं होतं?”

“पहिल्याच दिवशी.”

“मग बोलला का नाहीस रे?”

“फोन ठेवण्याआधी पलीकडं कुणीतरी नाक ओढायचं.” तो आता हातांकडे बघत होता. “ओळखलं म्हटलं असतं, तर ताई कुणाकडे रडली असती? मग मीच म्हणायचो, आई, लवकर बरी हो.”



“आणि या वेळी,” डॉक्टरीणबाई हळूच म्हणाल्या, “पुन्हा दवाखान्यातून फोन यायला लागला. मजेत आहे. जेवलास का.”

“तसाच!” भावानं मान वर केली. “अगदी तसाच! मला कळलं की ताईचंही आईसारखं काहीतरी झालंय, आणि कुणीतरी बाई तिचा आवाज काढतेय. मला वाटलं नाही, डॉक्टरीणबाई. मला माहीत होतं.”

आणि तो रडला. पस्तिशीच्या माणसाचं रडणं नव्हतं ते. मावशीच्या ओसरीवर फोनपाशी उभ्या राहिलेल्या पोराचं होतं, आईसाठीचं, तेव्हा राहून गेलेलं. क्लचबाई पुढं झाल्या नाहीत. डोळे विस्फारून बघत राहिल्या. सहा वर्षांचं पोर मोठ्या बहिणीला सांभाळत होतं, आणि बहिणीला वाटत होतं आपण त्याला सांभाळतोय. त्या पोरानं आपलं दुःख गिळलं, राग गिळला, आणि तो मावेना तेव्हा हाडामांसाची एक अख्खी दुसरी बाई उभी केली, पण ताईला बोल लावला नाही. देवालाही माणूस घडवायला माती लागते म्हणतात. यानं ती कशातून घडवली?

निघताना डॉक्टरीणबाईंनी बजावलं, “एवढ्यानं मिटलं असं समजू नका. गोळ्या चालू ठेवा. उद्या तो पुन्हा तुम्हाला अहोजाहो करेल. करू द्या.”

बाईंनी मान डोलावली आणि त्या जिना उतरू लागल्या. मागून तो. जिना अरुंद, वळणाचा, आणि बाईंच्या जिभेला सवय लागलेली. “सावकाश. कठड्याला धर. डावीकडून घे. वळणावर खाली बघ, खाली, वर नको...”

“ताई, गप्प बैस गं जरा! उतरता येतं मला!”

बाई थबकल्या. वाक्य अर्धंच राहिलं. त्यांनी वळून बघितलं नाही. बघायला धजल्या नाहीत. तळहातावर पाखरू येऊन बसावं आणि माणसानं श्वास रोखावा, तशा त्या एकेक पायरी उतरत गेल्या. खाली दुकानदार तोंड उघडून काही विचारणार, तोच त्यांनी ओठांवर बोट ठेवलं.

मागून पावलं वाजत होती. जरा घुश्शातच, पण वाजत होती.