पोलादच्या रक्ताची साक्ष

मी एक विकर बोलतोय, एका फवारणीवाल्याच्या रक्तातून. दवाखान्यात मला एन्झाइम म्हणतात. नावाला घाबरू नका. मी एक साधा कामकरी आहे, डोळ्यांना न दिसणारा. 'आयुष्य काय, चार दिवसांचं' असं माणसं उसासा टाकून म्हणतात आणि ऐंशी वर्षं जगतात. माझं आयुष्य खरोखरच तेवढं असतं. पण मी गेलो की माझ्या जागी हुबेहूब माझ्यासारखाच दुसरा येतो, म्हणून आम्ही सगळे स्वतःला 'मी'च म्हणतो.

माझा जन्म यकृतातला. तिथून निघायचं, रक्तात वाहणाऱ्या चरबीच्या एखाद्या बारीक कणावर स्वार व्हायचं आणि अंगभर हिंडायचं. किडे मारायची काही विषं अशी असतात की ती नसांचंच काम बिघडवतात. नस स्नायूला निरोप देते. निरोप पोचला की तो लगेच पुसायचा असतो. हे विष त्या पुसणाऱ्याचेच हात बांधतं. मग तोच निरोप अंगात घुमत राहतो. घाम फुटतो, लाळ गळते, मांस फडफडतं आणि शेवटी श्वास अडतो. लढाईत माणसं मारायला केलेले काही वायूही याच विषाचे चुलतभाऊ. अशा विषाला गाठून मी त्याचे तुकडे करतो आणि ते लघवीवाटे निघून जातात. एवढंच माझं काम. ते मी इतकं चोख केलं की त्यापायी एक माणूस गेला.

ज्याच्या अंगात मी राहतो त्याला सगळे 'पोलाद' म्हणतात. फुलं पिकवणाऱ्या एका कंपनीची एकोणीस काचघरं आहेत. पोलाद तिथे वीस वर्षं फवारतोय. तिथे विषाला 'औषध' म्हणतात. माणसाला ठार करू शकणाऱ्या वस्तूला इतकं लाडाचं नाव माणसानेच द्यावं! पोलाद ते औषध काठीऐवजी हातानेच ढवळायचा. हात नळाखाली नुसते धरल्यासारखे करून जेवणाचा डबा उघडायचा. कोणी हटकलं की हसायचा. "अरे, किडे मरतात त्यानं. मी काय किडा आहे?"

दुसरे फवारणीवाले सहा महिन्यांत डोकं धरून काम सोडून जायचे. पोलाद मात्र एक दिवस आजारी नाही. त्याला वाटायचं ही आपल्या छातीची कमाल. छाती बिचारी काय करणार? राबत होतो मी. पण माणसाची खोडच अशी, जे फुकट मिळालं ते कमावलं म्हणून मिरवायचं.

एकदा कळ्यांच्या जुड्या बांधणाऱ्या बायकांनी काम थांबवलं. त्यांच्यातल्या एकीला तीन दिवस उलट्या होत होत्या आणि समोरचं धूसर दिसत होतं. औषध बदला, नाहीतर फवारल्यावर दोन दिवस काचघर बंद ठेवा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. मॅनेजर गोड बोलणारा. त्याने वाद घातलाच नाही. त्याने पोलादला हाक मारली.

"पोलाद, दाखव रे यांना."

पोलादने बाही वर सारली आणि कालवलेल्या औषधाच्या ड्रममध्ये कोपरापर्यंत हात बुडवला. वर काढून निथळत धरला. "बघा. वीस वर्षं झाली. काही होत नाही!"

आत माझी काय धावपळ उडाली ते माझं मला ठाऊक. कातडीतून विष झिरपत होतं आणि मी धापा टाकत तोडत होतो. बाहेर मात्र टाळ्या. बायका मान खाली घालून आत गेल्या. उलट्या होणारी बाई तेवढी म्हणाली, "तुझं ठीक आहे रे बाबा." तिचं खरं होतं. पण खरं बोलणाऱ्याला टाळ्या पडत नाहीत.

त्या टाळ्यांमध्ये सगळ्यात मोठी टाळी धाकट्याची होती. पोलादचा हा सख्खा भाऊ महिन्यापूर्वीच फवारणीवर लागला होता, तोही पोलादच्या शब्दावर. तोवर तो रबरी हातमोजे आणि तोंडावरचा मास्क न चुकता घालायचा. दुसऱ्या दिवसापासून त्याने दोन्ही खुंटीला अडकवले.

"दादा घालत नाही, मग मी कशाला घालू?"

पोलादला हे ऐकून राग यायला हवा होता. त्याला अभिमान वाटला.

धाकट्याच्या रक्तातही मी होतोच. माणसाच्या रक्तात कमीजास्त मी असतोच. पण माझं अंग म्हणजे साडेतीनशे मण्यांची माळ, आणि धाकट्याच्या माळेत एक मणी वेगळा होता. त्या औषधावर माझा हात तिथे हळू चालायचा. त्यात आम्ही संख्येनेही थोडे. पोलादच्या रक्तात जिथे दहा होतो, तिथे धाकट्याच्या रक्तात एक. दोघांचं नाक सारखं, हसणं सारखं, रागावल्यावर कान लाल होणंही सारखं. आत मात्र एवढी तफावत, आणि ती कोणाला माहीत नव्हती.

आठवड्याने एका सकाळी धाकट्याच्या पाठीवरचा पंप गळायला लागला. सदरा पाठीला चिकटला. त्याने आवाज दिला, "दादा, पाठ भिजली रे. घरी जाऊन बदलून येऊ का?"

"वाळेल रे! अजून चार ओळी राहिल्यात. आपलं रक्त एकच आहे. मला काही झालं का कधी?"

धाकट्याने चारही ओळी पुऱ्या केल्या. शेवटच्या ओळीत तो गुलाबांच्या मध्येच बसला. पोलादला वाटलं, थट्टा करतोय. जवळ गेला तर तोंडातून फेस, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या, गालाचं मांस एकसारखं फडफडतंय. पोलादने त्याला पाठीवर घेतलं. तो ओला सदरा आता पोलादच्या पाठीला चिकटला, आणि तिथेही मी माझं काम चोख केलं.

दवाखान्यात त्यांनी सदरा कापून काढला, अंग धुतलं, सुया टोचल्या, नळी घातली. पोलाद डॉक्टरीणबाईंच्या समोर दंड उघडा करून उभा राहिला. "माझं रक्त घ्या. माझ्या रक्ताला काही होत नाही. त्याला द्या."

डॉक्टरीणबाई थकलेल्या होत्या, पण त्यांनी झिडकारलं नाही. "असं चढवून भागत नाही. हे विष तोडणारं एक एन्झाइम असतं, तुमच्या रक्तात ते भरपूर असावं. प्रयोगशाळेत तसलं बनवायची खटपट चालू आहे, युद्धातल्या वायूंसाठी. आमच्या कपाटात मात्र त्याची कुपी नाही. तुमच्या भावाच्या रक्तात ते कमी असणार."

"पण आमचं रक्त एकच आहे ना?"

त्या धाकट्याच्या खाटेकडे वळल्या. धाकटा तिसऱ्या दिवशी गेला.

चौकशी झाली. दोन साहेब आले. पोलादने छातीवर हात ठेवून सांगितलं, माझा भाऊ या औषधाने गेला. मॅनेजर म्हणाला, "आपण रक्तालाच विचारू." पोलादचं रक्त काढलं. त्यात निरोप पुसणाऱ्याचे हात किती मोकळे आहेत ते मोजलं. हात अगदी मोकळे निघाले. साहेबांनी लिहिलं, त्याच काचघरात, तेच औषध, तेवढाच वेळ, आणि याला काहीच नाही. तेव्हा मृत्यूचं कारण दुसरं असावं.

पोलादने फेरतपासणी मागितली. तिच्या आदल्या दिवशी त्याने धाकट्याचा तोच गळका पंप पाठीवर घेतला आणि ओल्या सदऱ्यात दिवसभर काढला. त्याला आजारी पडायचं होतं. आपलं रक्त एकदा तरी आपल्या बाजूने बोलावं एवढीच त्याची इच्छा होती. मला ती कळत होती. पण मला थांबता येत नाही. विष दिसलं की तोडायचं, दुसरं काही मला शिकवलेलंच नाही. मी तोडत राहिलो आणि दुसरा अहवालही पहिल्यासारखाच आला. माझी मला इतकी लाज कधी वाटली नव्हती.

त्या संध्याकाळी आई धाकट्याचे कपडे घड्या घालून पेटीत ठेवत होती. मान वर न करता तिने विचारलं, "तुला कसं काही झालं नाही रे?"

तिच्या आवाजात राग नव्हता. पोलाद मात्र तिथून उठला तो थेट डॉक्टरीणबाईंकडे गेला आणि म्हणाला, "तुम्ही त्या दिवशी जे सांगितलंत ते कागदावर लिहून द्या." त्यांनी धाकट्याचं दवाखान्यात ठेवलेलं रक्तही तपासून घेतलं आणि स्वच्छ अक्षरात सगळं लिहून दिलं. एका भावात विकर भरपूर, दुसऱ्यात अगदी कमी, म्हणून एक तगला आणि एक गेला. मोठ्याचं रक्त औषधाची निर्दोषता सिद्ध करत नाही. मला वाटलं, सुटलो! आता माझी खोटी साक्ष पुसली जाईल.

मॅनेजरने कागद दोनदा वाचला. त्याचा चेहरा उजळला.

"म्हणजे दोष औषधाचा नाहीच. तुझ्या भावाच्या रक्ताचा होता. आधी का नाही सांगितलंस? यापुढे रक्त बघूनच माणसं घेऊ."

आणि त्याने तसंच केलं. आता फाटकाशी नव्या माणसांची रांग लागते आणि त्यांच्या दंडातून मला शोधतात. मी भरपूर सापडलो की माणूस पास. ड्रममध्ये काय आहे ते मात्र कोणी तपासत नाही. औषध तेच आहे. कळ्या बांधणाऱ्या बायकांचं रक्त तर कोणी काढलंच नाही, कारण त्या फवारत नाहीत, नुसता तो वास घेतात.

काल दोन लेकरांचा बाप असलेला एक नवा गडी पंप पाठीवर घेता घेता पोलादला म्हणाला, "दादा, काही होत नाही ना?"

वीस वर्षं जे उत्तर ओठांवर असायचं ते पोलादने या वेळी दिलं नाही. त्याने खुंटीवरचे धाकट्याचे हातमोजे काढले आणि त्याच्यापुढे धरले. "मला होत नाही. तुझं मला माहीत नाही. हे घाल."

नव्या गड्याने ते घेतले, पोलादच्या उघड्या हातांकडे पाहिलं, हसला आणि मोजे खिशात कोंबले. "अहो, मी पास झालोय!"

माझे चार दिवस आज भरतायत. उद्या माझ्या जागी येणारा माझ्याइतकाच इमानी असेल. तेव्हा जाता जाता सांगतो, आमच्या जिवावर उड्या मारू नका. आम्ही थोडे असतो, थकतो, आणि कोणाच्या रक्तात किती आहोत हे बाहेरून दिसत नाही. हातमोजे घाला.