अकरा पॉइंट चार

धाकट्या मालकांनी तो अहवाल तपासणीच्या टेबलावर आपटला, तो नेमका नमुन्यांच्या पुंजक्यांवर. सकाळपासून वहिनींनी गाठीगाठीतून उपसून, नंबराने लावून ठेवलेले एकवीस पुंजके. त्यातले अर्धे उडाले आणि दोन वहिनींच्या चहात पडले. अहवाल दोनशे अठरा पानांचा होता. त्यातल्या चौदा पानांवर ‘हे पान मुद्दाम कोरे सोडले आहे’ एवढंच छापलेलं होतं, म्हणजे तेही धड खरं नव्हतं.

“वहिनी, जागतिक कल बदललाय,” धाकटे मालक म्हणाले.

‘जागतिक’ हा शब्द त्यांच्या तोंडात कायमचा वस्तीला होता. ट्रक उशिरा आला तरी त्यामागे जागतिक कारण, आणि नळाला पाणी आलं नाही तरी जागतिक कारण. कामगार आपसात त्यांना ‘जागतिक’च म्हणत. जागतिक आले का, जागतिक जेवायला गेलेत, असं सरळ बोलणं चालायचं.

वहिनी म्हणजे त्यांच्या थोरल्या भावाची बायको. थोरले जाऊन नऊ वर्षं झाली होती. कारखाना धाकट्यांकडे गेला आणि तपासणीचं टेबल वहिनींकडे राहिलं, कारण ते सव्वीस वर्षं त्यांचंच होतं. गेटवरच्या रखवालदारापासून ट्रकवाल्यांपर्यंत सगळेच त्यांना वहिनी म्हणत, त्यामुळे खऱ्या दिरालाही त्या नात्याचं वेगळं काही कौतुक उरलं नव्हतं.

धंदा सगळा उरल्यासुरल्याचा. कापसातली रुई दुसरेच लोक काढून नेतात आणि मागे राहते सरकी. त्या सरकीच्या अंगाला बारीक लव चिकटलेली असते. ती करवतीच्या यंत्रांवर खरवडून काढायची, तिला म्हणतात लिंटर. पहिल्यांदा हलक्या हाताने खरवडलं की लांब, स्वच्छ धागा निघतो, तो फर्स्ट कट. हा माल कागद कारखाना घेतो आणि त्याचा शंभर वर्षं टिकणारा कागद करतो, दस्तऐवजांसाठी आणि प्रमाणपत्रांसाठी. मग तीच सरकी पुन्हा यंत्रात घालून जोरात खरवडली की निघतो सेकंड कट, आखूड, मळकट, टरफलांच्या कण्यांनी भरलेला. तो रसायनवाले नेतात, शिजवतात, आणि त्याचं काय वाटेल ते करतात.

वहिनींचं काम असं की प्रत्येक गाठीत हात घालायचा, मूठभर उपसायचं, ओढून बघायचं, वास घ्यायचा, ओलावा मोजायचं मीटर खुपसायचं, आणि जे असेल ते चिठ्ठीवर लिहून खाली सही करायची. कागद कारखान्याच्या खरेदीसाहेबांनी सतरा वर्षांत एकही गाठ उघडून बघितली नव्हती. ते चिठ्ठी वाचत आणि माल भरून नेत.

“पान त्रेसष्ट,” जागतिकांनी बोट ठेवलं. “सेकंड कटची मागणी दरवर्षी अकरा पॉइंट चार टक्क्यांनी वाढणार. आपण फर्स्ट कटची ती पहिली यंत्रं भंगारात काढायची. एकदाच खोल खरवडायचं, सगळा माल रसायनवाल्यांना. कागदवाल्यांचा करार या हंगामानंतर बंद.”

“खोल खरवडलं की सरकी फुटते. उरलेली सरकी घेणारे तेलवाले बोंब मारतील.”

“ते स्थानिक झालं, वहिनी.”

“आणि कागदवाले?”

“कागद संपला. जग स्क्रीनवर गेलंय,” ते म्हणाले, आणि दोनशे अठरा पानं काखोटीला मारून निघाले. मग काहीतरी आठवून परत आले आणि ती टेबलावरच ठेवली. “वाचा तुम्ही. जरा दृष्टी मोठी होईल.”

वहिनींनी चहातलं लिंटर बोटाने काढून टाकलं. रसायनवाल्यांकडे स्वतःची प्रयोगशाळा असते, त्यांना कुणाच्या चिठ्ठीची गरज नसते. म्हणजे पहिली यंत्रं गेली की कागदवाले जाणार, कागदवाले गेले की चिठ्ठी जाणार, आणि हे टेबल सुतळीची बंडलं ठेवायला गोदामात. एवढं कळायला दृष्टी मोठी असावी लागत नाही.

दुपारी त्यांनी चष्मा लावून तो अहवाल वाचायला घेतला. वाचता वाचता त्यांना हसू आवरेना. उंटावरून शेळ्या हाकणारे पुष्कळ पाहिले होते, पण या लोकांनी उंटसुद्धा पाहिलेला दिसत नव्हता. एका ठिकाणी लिंटर झाडाला लागतं असं लिहिलं होतं. एका चित्राखाली लिंटर लिहिलं होतं आणि चित्र होतं गवताच्या गठ्ठ्यांचं. पान त्रेसष्टवर एक रंगीत रेघ डावीकडून उजवीकडे छाती काढून वर गेली होती आणि तिच्या टोकाशी तो आकडा होता. खाली मुंगीएवढ्या अक्षरात लिहिलं होतं, ‘स्रोत: आघाडीच्या उत्पादक संस्थेतील वरिष्ठ महिला तांत्रिक अधिकाऱ्याची मुलाखत.’ त्याच्याच खाली, ‘निम्न दर्जाच्या मालालाही जागतिक ग्राहकांकडून मजबूत स्वीकृती.’

वहिनी हसायच्या थांबल्या. हे वाक्य कुठेतरी ऐकल्यासारखं वाटलं. मग लक्षात आलं की ऐकलेलं नाही, आपणच बोललेलो आहोत.

गेल्या वर्षीची गोष्ट. ट्रकची ताडपत्री फाटली होती आणि सरकीची अख्खी खेप भिजून आली होती. वहिनींच्या एका हातात तिच्याच लिंटरच्या गाठीत खुपसलेलं मीटर, फोन मानेत अडकवलेला, आणि फोनवर कुठल्याशा बाजार-पाहणीवाल्यांची गोड गळ्याची एक मुलगी. मॅम, फक्त दोन मिनिटं. मॅम, सेकंड कटला भविष्य कसं आहे? वहिनी वैतागून म्हणाल्या होत्या, “कचरा भरून दिला तरी उचलतील लोक, भविष्य कसलं विचारता?” मॅम, मागणी किती टक्क्यांनी वाढेल? “मला काय स्वप्न पडतंय?” अंदाजे सांगा ना मॅम, रकाना रिकामा सोडता येत नाही. वहिनींच्या डोळ्यांसमोर मीटर होतं. त्यांनी मीटरवरचा आकडा तोंडावर फेकला. “लिहा, अकरा पॉइंट चार.” मुलगी हरखून म्हणाली होती, थँक यू मॅम, इतकं नेमकं कोणी सांगत नाही.

फोन ठेवून वहिनींनी ती गाठ वाळवायला परत पाठवली होती. अकरा पॉइंट चार ओलावा म्हणजे गाठ आतून सडणार. त्या सडक्या गाठीच्या जोरावर आता जगाची रेघ वर चढत होती.

त्या तडक दिरांच्या खोलीत गेल्या. भिंतीवर जगाचा नकाशा होता आणि त्यात रंगीत टाचण्या टोचल्या होत्या. त्यांतल्या एकाही टाचणीला या कारखान्याने आजवर पोतंभर माल पाठवला नव्हता.

“भाऊजी, तो आकडा माझा आहे,” वहिनी म्हणाल्या, आणि सगळं जसंच्या तसं सांगितलं.

धाकट्या मालकांनी शांतपणे ऐकून घेतलं. आजारी माणसाचं ऐकावं तसं.

“वहिनी, त्यांनी चाळीस देशांत विचारलंय.”

“त्या चाळीस देशांत फोन घेणाऱ्यांच्या हातात त्या दिवशी काय होतं, कुणाला ठाऊक.”

“तुम्हाला टेबल जाईल अशी भीती वाटतेय. साहजिक आहे. मी तुम्हाला घरी बसून पगार देईन, दादाला दिलेला शब्द आहे माझा.”

वहिनींच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. सव्वीस वर्षांत त्यांनी एका चिठ्ठीवर खोटा आकडा लिहिला नव्हता, सख्ख्या नवऱ्याने गळ घातली तेव्हाही नाही. आणि या माणसाला त्यांचं खरं पटत नव्हतं, त्यांनी फोनवर फेकलेलं मात्र डोक्यावर घेऊन तो नाचत होता. राग आला म्हणजे चांगलाच आला. त्यांनी टेबलाशी येऊन अहवालाच्या शेवटच्या पानावरचा नंबर फिरवला.

तोच गोड गळा.

“तुमच्या पान त्रेसष्टवरचा आकडा चुकीचा आहे.”

“सॉरी मॅम, चुकीसाठी आमच्याकडे रकाना नाही. पण सुधारित आवृत्ती निघतेय. तुम्ही नवीन उत्तर द्याल का?”

वहिनींनी दिलं. जगाचं मला माहीत नाही, माझ्या टेबलावरचं सांगते, म्हणाल्या. करवतीचे दात कधी घासावे लागतात, सरकी ओली आली तर काय होतं, कागदवाले माल का परत पाठवतात, रसायनवाले एक वर्ष दारात रांग लावतात आणि पुढच्या वर्षी ओळखसुद्धा कशी देत नाहीत, सगळं दहा मिनिटं सांगितलं.

“मॅम, यातलं टक्क्यांत काय लिहू?”

या खेपेला वहिनींच्या हातात मीटर नव्हतं. समोर भिंत होती, आणि भिंतीपलीकडे मिस्त्री फर्स्ट कटच्या यंत्रांतल्या एकाचे बोल्ट सैल करत होता, त्याच्या पान्याचा आवाज येत होता.

“फर्स्ट कट वाढणार,” त्या म्हणाल्या. “चौदा पॉइंट दोन. सेकंड कट उणे तीन.”

“थँक यू, मॅम.”

दीड महिन्याने सुधारित आवृत्ती आली. जागतिक धावतच यंत्रशाळेत गेले आणि भंगारवाल्याला दारातूनच परत पाठवलं. मिस्त्रीने काढलेले बोल्ट मिस्त्रीनेच पुन्हा बसवले, आणि हे सगळं करताना त्याने जे तोंड सोडलं ते इथे लिहिण्यासारखं नाही.

“कल पालटला, वहिनी,” धाकटे मालक म्हणाले. “फर्स्ट कट. मी म्हणतच होतो, घाई नको.”

“मीही काहीतरी म्हणत होते.”

“तुम्ही म्हणत होतात, पण तुमच्याकडे आकडा नव्हता.”

वहिनींनी मान खाली घालून पुंजके लावले. आठवडाभर त्या स्वतःशीच हसत होत्या. असल्या शहाण्यांना शेंडी लावायला अक्कल लागत नाही, एक पॉइंट आणि त्यापुढे एक आकडा पुरतो. यंत्रं वाचली, करार वाचला, टेबल जागच्या जागी राहिलं. पाप कसलं त्यात, असं त्या मनाशी म्हणत, आणि जरा जास्तच वेळा म्हणत.

मग खरेदीसाहेब ट्रक घेऊन आले. उंच, वाकलेला, कमी बोलणारा माणूस. टेबलाशी नेहमीच्या स्टुलावर बसले आणि त्यांनी पिशवीतून एक जाड पुस्तक काढलं. वहिनींनी मुखपृष्ठ लांबूनच ओळखलं.

“आमच्या मोठ्या साहेबांनी घेतलंय,” ते म्हणाले. “चौदा टक्क्यांनी मागणी वाढणार, माल मिळणार नाही, म्हणून दोन वर्षांचा आत्ताच भरून ठेवा म्हणतात. गोदाम पुरत नाही. मग कागदासाठी चिंध्या निवडायची आमची खोली रिकामी करायची ठरलंय. अकरा बायका आहेत तिथे. वीस-वीस वर्षांच्या. सोमवारपासून घरी.”

धाकटे मालक दारात उभे होते, त्यांनी समजूतदारपणे मान हलवली. “जागतिक कल आहे, साहेब.”

साहेबांनी त्यांच्याकडे पाहिलंही नाही. “वहिनी, माझा नाही विश्वास बसत या पुस्तकावर. पण मी कोण? सतरा वर्षं मी तुमची चिठ्ठी वाचून माल नेतो. तुम्ही सांगा. हा आकडा खरा आहे म्हणालात तर गप्प बसतो. नाही म्हणालात तर जाऊन भांडतो.”

हो म्हणणं फार सोपं होतं. दोन वर्षांचा माल एका दमात गेला असता आणि टेबलाला कुणी हात लावला नसता. वहिनींनी समोरच्या पुंजक्यातला धागा ओढला. तो लांब होता, स्वच्छ होता. त्यांना त्या अकरा बायकांचा राग आला, उगाचच. आपण त्यांना कधी पाहिलंही नाही, आणि आता त्या इथे येऊन उभ्या राहिल्यात.

“खोटा आहे,” त्या म्हणाल्या. “मीच सांगितलाय. फोनवर. मनाचा.”

धाकटे मालक हसले. “वहिनींना चेष्टेची सवय आहे, साहेब.”

“पहिला आकडा चुकून गेला होता,” वहिनी म्हणाल्या. “हा मुद्दाम सांगितला. यंत्रं वाचवायला.”

खरेदीसाहेब हसले नाहीत. त्यांनी ते पुस्तक पिशवीत घातलं.

“सांगितलंत ते बरं केलंत,” ते म्हणाले. “सोमवारच्या आत बोलतो मी. त्या बायकांचं होईल काहीतरी.”

“माल नेणार ना?” धाकट्यांनी विचारलं.

“नेणार की. करार आहे.”

वहिनींनी सवयीने चिठ्ठ्यांचा गठ्ठा पुढे केला. साहेबांनी वरची चिठ्ठी उचलली, वाचली, खालची सही पाहिली. एरवी ते ती खिशात घालून उठत. आज त्यांनी ती परत टेबलावर ठेवली.

“सुरी आहे का, वहिनी?”

वहिनींनी खणातून सुरी काढून दिली. साहेब पहिल्या गाठीपाशी गेले, अवघडून गुडघ्यावर बसले आणि त्यांनी गोणपाट कापलं. कोपरापर्यंत हात आत घातला, मूठभर लिंटर उपसलं, उजेडाकडे धरून ओढून बघितलं. सवय नसल्याने अर्धं खाली सांडलं. मग त्यांनी न बघताच मागे हात केला आणि वहिनींनी त्या हातात मीटर दिलं.

“सात पॉइंट नऊ,” साहेबांनी वाचलं.

चिठ्ठीवरही सात पॉइंट नऊच होतं. साहेबांनी टेबलाशी येऊन ते ताडून पाहिलं, मान डोलावली आणि दुसऱ्या गाठीकडे वळले. एकूण बेचाळीस गाठी होत्या. वहिनींनी जमिनीवरची सुरी उचलली आणि त्या त्यांच्या मागोमाग गेल्या.