लेम्युएलकाकांना हलवलं तो दिवस

आमच्या बिटरक्रीक काउंटीत घराण्याचा मोठेपणा जमिनीवरून ठरत नाही, गुरांवरून तर नाहीच. तो ठरतो मढ्यावरून. येऊन गेलेले पुष्कळ. निम्म्यांना तर नेब्रास्काच्या वाऱ्यानं पहिल्याच हिवाळ्यात माघारी पळवलं. ज्यांनी इथं आपलं माणूस पुरलं तेच खरे राहिले, असा आमच्या जुन्या रहिवाशांच्या मंडळाचा कायदा. इथल्या मूळच्या पॉनी लोकांची माणसं इथं पिढ्यान्‌पिढ्या पुरलेली आहेत, पण मंडळ काढताना त्यांना कुणी विचारलं नव्हतं.

तर सगळ्यात पहिलं मढं आमचं, थॉर्नबर्गांचं. म्हणून दर उन्हाळ्याच्या मेळाव्यात पहिल्या बाकावर मी, मिरवणुकीत सगळ्यांपुढे मी, आणि सफरचंद भरून भाजलेल्या 'पाय'ची पहिली फोडही मलाच.

लेम्युएलकाका म्हणजे माझ्या सासऱ्यांचे धाकटे भाऊ. गाड्यांच्या तांड्याबरोबर पश्चिमेला जाताना पटकीनं गेले, ओढ्याकाठी पुरले गेले. कबरीवरच्या फळीवर 'लेम्युएल थॉर्नबर्ग, पटकी' असं कोरलेलंच होतं. मी शाळेत जायची ती शेकोटीला बसायला, पण तेवढी अक्षरं मला लागतात. सासरेही पुढे वाटेतच वारले. काही वर्षांनी सासूबाई पोराला घेऊन माघारी आल्या आणि त्याच ओढ्याकाठी जमीन धरून राहिल्या. कबरीपाशी गेल्या की एप्रन डोळ्यांना लावायच्या. "काय ठेवून गेलो गं इथं!" एवढंच म्हणायच्या. दिरावर इतकी माया करणारी बाई मी दुसरी पाहिली नाही.

बाकीचं मी भरलं. काकांचे निळे डोळे, काकांचं फिडल वाजवणं, शेवटच्या घोटासाठी केलेली तडफड. दर मेळाव्याला काका बोटभर उंच व्हायचे. थोरल्या मुलाचं नावसुद्धा मी लेम्युएल ठेवलं.

कुंपणापलीकडच्या ड्रुसिला स्टॉलकपला हे खुपायचं. तिची तान्ही बहीण रोडा काकांच्या पुढच्याच वसंतात गेली, त्यांच्या माळावर पुरलेली आहे.

"तुझ्या काकांना कुणी जिवंत पाहिलंय का, केझाया?" ती दरवर्षी विचारायची. "रोडाला माझ्या आईनं स्वतःच्या हातानं न्हाऊ घातलं होतं."

"दुसरा नंबरही काही वाईट नाही गं," मी म्हणायची.

यंदा ओढ्याकाठून रेल्वे जायची ठरली. मंडळानं ठराव केला की काकांना चर्चच्या आवारात न्यायचं आणि वर ग्रॅनाइटचा दगड बसवायचा: या काउंटीतली पहिली कबर. ड्रुसिला उठून म्हणाली, दगड रोडाचा आहे. मीही उठले. "खणून बघा की! हाडंच बोलतील!" माझी जीभ अशीच आहे. डोक्याला विचारायला ती कधी थांबली नाही.

अक्रोडाच्या लाकडाची पेटी मी स्वतः पसंत केली. बँड सांगितला. लोक गाड्यांपाशी जेवणाच्या टोपल्या घेऊन थांबले आणि आम्ही पाचजण खड्ड्यापाशी गेलो: खणायला माझे यजमान एसा आणि आमचा थोरला लेम, प्रार्थनेला पाद्री व्हिटलोबाबा, आणि खात्री करायला ड्रुसिला. काळ्या झग्यात मी रडायच्या तयारीनं उभी होते.

फावडं खणकन वाजलं.

"छाती भक्कम होती हो काकांची," ड्रुसिला म्हणाली.

माती बाजूला झाली तसा आधी एक पाय दिसला. लोखंडी. मग दुसरा. मग दार, नळी, झाकणं. ओतीव लोखंडाची अख्खी चूल काळ्या मातीत उताणी पडली होती, पोटात किटली घेऊन.

व्हिटलोबाबांची प्रार्थना "धुळीस धूळ" पर्यंत येऊन अडकली.

"आईची चूल," एसा खालूनच म्हणाला. "उघड्या विस्तवावर पाव करपला की म्हणायची, कधीकाळी माझी चूल होती. मला वाटायचं, विकली असेल."

"माझे वडीलही असंच करायचे," ड्रुसिला म्हणाली. "बैल थकले की जड सामान पुरायचं, वर फळी रोवायची, एखादं नाव घालायचं. पटकी लिहिलं की कोण उकरतंय!"

"आई," लेमनं कपाळाचा घाम पुसला, "माझं नाव तू चुलीचं ठेवलंस?"

"गप्प बस. अहो, तुमच्या बाबांना भाऊ होता की नव्हता?"

"आई म्हणायची, ते एकुलते एक होते."

"मग इतकी वर्षं मला सांगितलं का नाही?"

"तू बोलत होतीस," एसा म्हणाला.

सासूबाईंचा मला राग आला नाही. त्या परतल्या तोवर येणारेजाणारे तिथं टोपी काढायला लागले होते. टोप्या काढून उभ्या असलेल्या माणसांसमोर कोणती बाई चूल उकरेल? मी तर वर एक फुलझाडही लावलं असतं.

व्हिटलोबाबा माझ्या कानाशी आले. "केझायाबाई, लांबून कुणाला काही दिसलेलं नाही. पेटीत थोडी माती घालू. शेवटी माणूस मातीच."

मला ते पटलं. खोटं कशाला बोलू, फार छान पटलं. पहिला बाक, पुढची जागा, दगडावरचं नाव, सगळं त्या मूठभर मातीत होतं. मी ड्रुसिलाकडे पाहिलं.

"घाल की," ती म्हणाली. "मी फुलंही वाहीन वर. आमच्या रोडाला सवय आहे मागं राहायची."

तिला हसताना मी आयुष्यभर सहन केलं असतं. पण ती हसत नव्हती.

मी गाड्यांच्या दिशेनं वळले आणि मेळाव्यात लावते तोच आवाज लावला. "मंडळी! लेम्युएलकाका म्हणजे आमच्या सासूबाईंची चूल निघाली! मी आजवर जे जे सांगितलं त्यातली फक्त फळी खरी! दगडाची गाडी स्टॉलकपांच्या माळाकडे वळवा, पहिली रोडा आहे!"

आधी कुणाला कळलंच नाही. मग बँडमधल्या ढोलवाल्याला हसू फुटलं, आणि त्याच्यामागं अख्ख्या काउंटीला. जोशुआ नावाच्या म्हाताऱ्याला तर खाली बसवून पाणी पाजावं लागलं. काकांच्या फिडलवर तो दरवर्षी रडायचा. हसू द्या म्हटलं. मीच इतकं सुरेख रचलं होतं, फुकट कशाला घालवा.

मिरवणूक निघाली. सवयीनं मी पुढे झाले, मग थांबले, आणि ड्रुसिलाला पुढं जाऊ दिलं. तिला पुढं चालायचं कसं ते ठाऊक नव्हतं. दर चार पावलांनी मागं बघत होती. इतक्या वर्षांत तिची पाठ मी पहिल्यांदाच पाहिली. झग्याच्या गळ्याचा वरचा हूक निसटला होता. असा हूक मी पूर्वी भर मेळाव्यात ओरडून दाखवला असता.

मी हात पुढं करून तो लावला.

"सरळ बघून चाल," मी म्हणाले. "आता सगळे तुझ्याकडेच बघतायत."