चौथा उंचवटा

“हलवू नका हो बाबा, पाचाचा तीन होईल,” असं म्हणत सुनेनं सासऱ्यांचा उजवा पंजा टेबलावर दाबून धरला आणि करंगळीच्या मुळाशी बॉलपेननं पाचाचा आकडा काढला.

“धुतल्यावर जाईल ना? मागच्या वेळी दुकानात सगळे विचारत होते, या वयात काय गोंदवून घेतलंत म्हणून.”

ती एका मोठ्या इस्पितळाच्या कोडिंग विभागात होती. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचायचं आणि त्या दुखण्याला ठरलेला कोड लावायचा, हे तिचं काम. दुखणं हाताच्या हाडांचं असलं की भल्याभल्यांच्या नाकी नऊ येत. हात कोणता, अंगठ्यापासून मोजत हाड कितवं, सरकलंय की जागेवर आहे, आणि ते मोडलं कशानं, त्याचाही वेगळा कोड. या हाडांनीच तिला मागच्या परीक्षेत पाडलं होतं. तेव्हापासून बाबांनी आपले दोन्ही पंजे तिच्या हवाली केले होते.

परीक्षा काल झाली होती. निकाल आज फोनवर येणार होता, आणि वाट बघवेना म्हणून दोघं पुन्हा उजळणीला बसले होते. पास झाली तर ती मुख्य कोडर होणार, आणि पाळी पहाटेची. नवरा फिरतीच्या नोकरीवर, सासूबाईंचे गुडघे कुरकुरणारे. पहाटे घराचं कोण बघणार, हा विषय मात्र सगळ्यांनीच टाळला होता.

“डावा अंगठा, पहिल्या हाडाचं बूड, सरकलेलं,” बाबांनी प्रश्न टाकला.

तिनं एका दमात कोड सांगितला.

“वा! काय पोपटासारखी बोलतेस गं!”

तेवढ्यात फोन वाजला. दोघंही ताडकन उठले. कुणीतरी गादी विकायला बघत होतं. तिनं कपाळावर हात मारून घेतला; बाबांची उजवी मूठ मात्र वळलेलीच राहिली होती. तिची नजर त्या मुठीवर गेली आणि तिथेच खिळली.

“बाबा, तशीच ठेवा मूठ!”

मूठ वळली की बोटांच्या मुळाशी चार उंचवटे दिसतात. बाबांचे तीनच दिसत होते. करंगळीचा आत बसला होता. इतके दिवस पंजा सपाट ठेवून शिकल्यामुळे हे तिला दिसलंच नव्हतं. कागदावर असली हाडं तिनं ढिगानं पाहिली होती, पण खरंखुरं, जिवंत माणसाचं हे पहिलंच. आनंदानं तिला काही सुचेना.

“आई, लवकर या! पाचव्या हाडाची मान मोडलेली! जुनी, जुळलेली, अगदी पुस्तकात असते तशी!”

सासूबाई हात पुसत बाहेर आल्या.

“ते होय! लोखंडी पेटीचं झाकण पडलं होतं यांच्या हातावर. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी.”

“छे हो! झाकणानं बोटांची टोकं चेचतात. हे मूठ मारून होतं. भिंतीवर, नाहीतर दारावर. त्याचा कोडसुद्धा...”

तिनं जीभ चावली. जे लिहिलेलं नाही ते घडलेलं नाही, कोड लावणाऱ्यानं मनचं काही जोडायचं नाही, हा त्यांच्या कामातला पहिला धडा. बाबांनाही तिनंच तो शिकवला होता.

बाबांनी मूठ उघडली आणि हात टेबलाखाली नेला.

“तूच म्हणतेस ना, लिहिलेलं नाही ते...”

सासूबाई खुर्चीवर बसल्या. “टेलिफोन ऑफिसच्या नोकरीसाठी आम्ही दोघांनी परीक्षा दिली होती,” त्या सुनेला म्हणाल्या. “यांचं झालं नाही, माझं झालं. मी शेजारी सांगायला गेले. परत आले तर हे हात धरून बसलेले.”

“मग?”

“मग प्लास्टर. यांना भरवायचं, शर्टाची बटणं लावायची. रुजू व्हायची तारीख गेली निघून.”

“पेटीच होती,” बाबा म्हणाले. मग टेबलाखालचा हात वर घेऊन म्हणाले, “नव्हती. दार होतं.”

आत दूध उतू गेल्याचा वास आला. सासूबाई जागच्या हलल्या नाहीत. बाबाच उठले आणि गॅस बंद करून दारातच उभे राहिले.

पुन्हा फोन वाजला. सुनेनं भीत भीत उचलला, ऐकलं, आणि न राहवून किंचाळली.

“पास! आई, पास झाले मी!”

सासूबाईंनी तिला ओढून घट्ट मिठीत घेतलं. त्यांचे डोळे भरून आले होते आणि त्या हसतही होत्या.

“पण आई, मी दुपारची पाळी मागून बघते...”

“काही मागायचं नाही.” त्या नवऱ्याकडे वळल्या. “अहो, इकडे या. द्या हात.”

त्यांनी तो पंजा उलटसुलट करून पाहिला, करंगळी वाकवून पाहिली.

“हाड चांगलं जुळलंय ना गं?”

“हो, छानच.”

“मग पहाटेचा हिचा डबा तुम्ही करायचा.”

“मला कुठं येतं?” बाबा पुटपुटले.

“शिकवते की. मला वेळच वेळ आहे.”

बाबा मान खाली घालून बेसिनपाशी गेले आणि साबण लावून हात चोळू लागले.

“तो आकडा राहू द्या लिहिलेला,” सासूबाई म्हणाल्या.