वैतरणेचा तळ शोधणारी काठी

मित्रांनो, मी बांबूची एक जुनी काठी आहे, बारा हात लांब, होडी रेटायची. माझे मालक रामनाथ वैतरणा नदीच्या मुखाजवळ माणसं पैलतीरी नेत. त्यांच्या वडिलांनी मला बांबूच्या बेटातून तोडलं, धुरावर शेकलं आणि नदीत उभं करून, ओहोटीचं पाणी जिथवर आलं तिथे कोयत्याने खाच मारली. ती खाच माणसाच्या गुडघ्याएवढ्या उंचीवर होती. तेवढ्याच पाण्यातून गावच्या बायका मधल्या वाळूच्या दांड्यावर शिंपल्या वेचायला चालत जात. रोज शेकडो वेळा मी तळाला टेकायची. तो तळ कणीदार आणि घट्ट होता. मला तो घरच्यासारखा वाटे.

सन १९९८ मध्ये बार्ज आले. विरारला इमारती उठत होत्या आणि बार्जवरचे सक्शन पंप दिवसभर घरघरत नदीच्या पोटातली रेती ओढत होते. मला तळ उशिरा लागू लागला.

"चांगुने, दांड्यावर नको जाव," रामनाथ बायकोला म्हणाले. "तल ऱ्हायला नाय."

"लगीन होऊन आले तवापासून चालतंय मी त्या वाटेनं," ती हसून म्हणाली आणि टोपली घेऊन निघाली.

मागून येणाऱ्या बायकांनी तिला एक पाऊल टाकताना पाहिलं. पुढच्या क्षणी नुसती टोपली तरंगत होती. ती ओरडलीसुद्धा नाही.

रामनाथांनी होडी घातली आणि मलाच पाण्यात खुपसत तिचा शोध घेतला. बऱ्याच वेळाने माझ्या टोकाला काहीतरी मऊ लागलं. ती चांगुणा होती. मित्रांनो, तो स्पर्श अजून माझ्या अंगातून गेलेला नाही.

माणिकपूरच्या वकील इझाबेल यांनी रामनाथांच्या वतीने रेतीच्या ठेकेदारावर वसईच्या कोर्टात दावा लावला. पंप बंद करा, एवढीच मागणी होती. पुरावा म्हणून मला नेलं, अंगावर चिठ्ठी डकवली. ठेकेदाराचे वकील माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "खाच काय, कालही मारता येते. नदी इथे उथळ होती असं कुठे लिहिलंय?"

कुठेच लिहिलेलं नव्हतं. रामनाथ खाली मान घालून उभे राहिले.

"रामनाथकाका, मान वर करा," इझाबेल हळूच म्हणाल्या. मग न्यायाधीशांकडे वळून त्यांनी जागेची पाहणी मागितली.

कोर्टाने पाहणीसाठी नेमलेले कमिशनर म्हणून एक वयस्कर वकील आले. भर ओहोटीला होडी चांगुणा बुडाली त्या जागेवर उभी राहिली. रामनाथांनी मला खाली दाबलं. खाच बुडाली, अर्धं अंग बुडालं, शेवटी मालकांचा हात कोपरापर्यंत पाण्यात गेला. खाली काहीच नव्हतं. पाणी मला वर ढकलत होतं.

"बघू, मला द्या," कमिशनर म्हणाले. त्यांनीही दाबून पाहिलं आणि त्यांचा चेहरा उतरला. "इथून बायका चालत जायच्या?"

"मला आठवतंय तवापासून गाव चालत जायचा, सायेब."

त्यांचा अहवाल गेला आणि त्या पट्ट्यात पंपांना मनाई झाली. बार्ज हलले. गावात कुणी फटाके लावले नाहीत.

पुढे मला मालकांकडे परत दिलं. खड्डा मात्र भरला नाही. त्या जागेवरून जाताना होडीतलं कुणी पाण्यात हात घालत नाही. वारा नसला तरी तिथलं पाणी गोल फिरतं, आणि रामनाथ एकदा तरी मला खाली सोडतात. काय शोधतात, ते मी विचारू शकत नाही.

मनाईच्या हद्दीपलीकडे, वरच्या वळणावर, आता नवा पंप घरघरतोय. इझाबेल पुन्हा कागद तयार करताहेत.

मित्रांनो, तुमच्याही गावात नदी असेल. ती कुठे किती खोल आहे, कुठून चालत जाता येतं, हे एखाद्या म्हाताऱ्या माणसाला आजच विचारा आणि तारीख घालून लिहून ठेवा. नदीला स्वतःची साक्ष देता येत नाही.