सिनेमात नेलेली खुर्ची

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी खुर्ची आहे. मला पडद्यावर पाहून तुमच्यापैकी काहींनी डोळे पुसले असतील. त्या रडण्यामागची गोष्ट मला सांगायची आहे. ऐकून तोंड कडू झाले, तर माझा नाइलाज आहे.

मला एका सुताराने घडवले. शेजारीच टेलरमास्तरांचे दुकान होते. मापे द्यायला येणाऱ्या वयस्कर गिऱ्हाइकांची सोय व्हावी, म्हणून मास्तरांनी मला मुद्दाम उंच करून घेतले. माझे हात लांब आणि भक्कम ठेवायला सांगितले, म्हणजे ते धरून उठता येईल. कोटांच्या उरलेल्या तुकड्यांची गादी त्यांनी स्वतः शिवली. दुपारी दुकानात सामसूम असली, की त्यांचा शाळकरी मुलगा माझ्यावर रेलून सिनेमातल्या नटांच्या नकला करी. मास्तर तोंडातल्या टाचण्या सांभाळत हसत. तेव्हा तो पोर मला फार आवडायचा.

पुढे शिलाईयंत्र चालवून चालवून मास्तरांचे गुडघे कामातून गेले. दुकान बंद झाले. मास्तरांची बायको वारली. मुलगा दिग्दर्शक झाला होता. मास्तर त्याच्या घरी राहायला गेले, तेव्हा दुकानातून त्यांनी फक्त मला सोबत नेले. दुसऱ्या कशावरून त्यांना एकट्याने उठताच येत नसे. माझे दोन्ही हात घट्ट धरून ते मला म्हणत, "हं, चला बाई," आणि उभे राहत. आपल्या पायांनी संडासापर्यंत जाण्यात माणसाची केवढी अब्रू असते, हे मला त्या घरात कळले.

मग मुलाने सिनेमा काढला. विषय कोणता, तर म्हातारा बाप आणि त्याची सेवा करणारा लेक!

एका सकाळी तो दोन हमाल घेऊन आला. "बाबा, जरा उठा. ही खुर्ची शूटिंगला हवीय. इतकी अस्सल वस्तू कुठं मिळत नाही."

"अरे, पण मी बसू कशावर?"

"बाल्कनीत प्लॅस्टिकची आहे की. चार दिवसांचा तर प्रश्न आहे!"

मित्रांनो, ते चार दिवस संपता संपेनात. मी पुरेशी जुनी दिसत नाही, म्हणून त्यांनी माझ्या अंगावर पॉलिश पेपर घासला. मास्तरांच्या गादीवर चहाचे डाग पाडले. बापाचे काम करणारा नट जेवण झाले की तेलकट बोटे माझ्या हाताला पुसायचा. डोळ्यांत थेंब घालून मग तोच असा काही रडायचा, की बघणारे हळहळत. आणि दिग्दर्शक सगळ्यांना समजावून सांगे, "बाप म्हणजे देव, हे लोकांच्या काळजाला भिडलं पाहिजे."

एकदा मुलगा माझ्यावर बसलेला असताना घरून सूनबाईचा फोन आला. तिचा आवाज मलाही ऐकू येत होता.

"अहो, बाबांना त्या प्लॅस्टिकच्या खुर्चीतून उठता आलं नाही. सगळं ओलं केलंय. मी काय करू?"

"कामाची बाई येते ना संध्याकाळी? ती बघेल. मी कामात आहे."

"तोवर तसंच बसवू?"

"थोडा वेळ बसले तर काय बिघडतं?"

त्याने फोन ठेवला. मला वाटले, आता हा उठेल आणि घरी जाईल. तो उठला खरा, पण लेखकाला हाक मारून म्हणाला, "एक जबरदस्त सीन सुचलाय. बाप खुर्ची ओली करतो आणि मुलगा स्वतःच्या शर्टानं पुसतो. लोक ढसाढसा रडतील बघ!"

दुसऱ्या दिवशी माझ्या गादीवर कोमट पाणी ओतले गेले. आजवर माझ्यावर चहा सांडला, शाई सांडली. किळस मात्र मला त्या स्वच्छ पाण्याची आली.

सिनेमाच्या पहिल्या खेळाला मला थिएटरात पडद्याच्या कडेला, प्रेक्षकांकडे तोंड करून, फुलांच्या माळा घालून ठेवले होते. समोरच पहिल्या रांगेत मास्तर होते. शेजारी परगावाहून आलेली त्यांची मुलगी. फोनवर ते तिला नेहमी "माझं छान चाललंय" एवढेच सांगत. बिचारीला काहीच ठाऊक नव्हते.

तो प्रसंग सुरू झाला. थिएटरभर रुमाल बाहेर निघाले. मास्तरांनी तेवढी मान खाली घातली. त्यांनी ओळखले होते.

खेळ संपल्यावर मुलाने त्यांना मंचावर बोलावले. लेकीचा हात धरून ते आले आणि थेट माझ्यावर येऊन बसले. टाळ्यांचा कडकडाट झाला. मुलाने माइक पुढे केला. "बाबा, कसा वाटला सिनेमा?"

"चांगला आहे," मास्तर म्हणाले. "त्यातल्या म्हाताऱ्याला लगेच पुसलं कुणीतरी. मी संध्याकाळपर्यंत तसाच बसलो होतो."

मित्रांनो, तुम्हाला काय वाटते, लोक गप्प झाले? छे! मागून कोणीतरी "वा, काय डायलॉग!" म्हणाले आणि पुन्हा टाळ्या पडल्या. मुलगाही हसला. "बाबा पहिल्यापासून असेच थट्टेखोर!" घाणीला नाक असते, तर तिनेही त्या क्षणी नाक दाबले असते.

हसली नाही ती फक्त मुलगी. ती वडिलांपुढे खाली बसली. "बाबा, खरं का हे?"

मास्तरांनी माझे दोन्ही हात घट्ट धरले.

"उठा. माझ्याकडे चला."

"खुर्ची सोडून नाही येणार."

"खुर्चीसकट चला."

मुलगा तिच्या कानाशी कुजबुजला, "अगं, उद्या मुलाखतीला लागणार आहे ती!"

तिने माझ्या अंगावरच्या माळा काढून त्याच्या हातात दिल्या, आणि टॅक्सी बोलवायला सांगितले.

आता मी तिच्या दोन खोल्यांच्या घरात आहे. माझ्यामुळे दार पुरते उघडत नाही. जावईबापूंच्या गुडघ्याला मी रोज लागते आणि ते रोज कुरकुरतात. त्या सिनेमाला बक्षिसे मिळत आहेत, असे ऐकते. मिळोत बापडी!

मित्रांनो, माझी एकच विनवणी आहे. आईवडिलांवर निबंध लिहा, भाषणे करा, वाटले तर सिनेमेही काढा. पण त्याआधी ते बसले आहेत ती जागा कोरडी आहे ना, हे एकदा हात लावून बघा.